अडवणारं कोणी नाही, तरी हात पुढे जात नाही

ताई, वाचणाऱ्यांना संदर्भ लागावा म्हणून तुमचा प्रश्न आधी थोडक्यात मांडते. तुमचं वय 49. नागपूरच्या महाल भागात सासरचं जुनं घर, शाळेच्या ऑफिसात नोकरी. यजमान सहा वर्षांपूर्वी हृदयविकाराने गेले. थोरल्या मुलीचं लग्न फेब्रुवारीत आहे आणि पहिली हळद आईच लावेल असं तिने जाहीर करून टाकलंय. कन्यादानाला दीर-जाऊ बसणार हे न विचारताच ठरल्यासारखं आहे. सासूबाई म्हणतात, "तुझी इच्छा." तुम्ही लिहिता, "मला कोणीच अडवत नाही. पण मुलीने हळदीचं काढलं की हात गार पडतात. मी नाही म्हटलं आणि मग रात्रभर स्वतःचीच चीड आली. दुसऱ्या बायांना मी सांगते, असलं काही मानू नका. मग मी ढोंगी आहे की भित्री?"

दोन्ही नाही. नागपुरात समुपदेशनाचं काम करत मला 23 वर्षं झाली. ज्यांना सासू छळते, नवरा मारतो, नोकरी करू देत नाहीत, अशा बायका येतात, भांडतात, रडतात आणि निदान कोणाकडे बोट दाखवू शकतात. तुमच्यासारख्या बायका उशिरा येतात. तक्रार कोणाची करायची हेच त्यांना कळत नाही. काटोलकडच्या एक बाई पहिल्याच दिवशी म्हणाल्या, "मॅडम, मले कोणी नाही म्हनलं नाही. मीच मले नाही म्हनून राहिली." तुमचं पत्र वाचताना त्याच आठवल्या.

हे 'नाही' तुम्हाला शब्दांत कोणी शिकवलेलं नाही, म्हणून ते शब्दांनी जातही नाही. आठवून बघा. लहानपणी घरी महालक्ष्म्या बसायच्या (पुण्याकडे ज्यांना गौरी म्हणतात त्याच), तेव्हा सवाष्णींच्या पंगतीला वाढायला कोण असायचं आणि जेवायला सगळ्यांत शेवटी कोण बसायचं? संक्रांतीपासून रथसप्तमीपर्यंत हळदीकुंकवं चालायची, तेव्हा वाड्यातल्या एखाद्या काकू संध्याकाळी आपलं दार आतून लावून घेत. बोलवायला आलेल्या पोरीला आपल्याला टाळून पुढे जाताना अवघड वाटू नये, म्हणून. कोणी त्यांना तसं सांगितलेलं नसायचं. आठ वर्षांच्या मुलीला तेवढं पुरतं. कारण कळायच्या आधी जागा कळते, आणि चाळीस वर्षांनी ती जागा आपली झाली की पाय आपोआप तिकडे वळतात. तुम्ही शाळेत जे सांगता ते तुमच्या बुद्धीला मान्यच आहे. हातांना ते अजून कोणी सांगितलेलं नाही, एवढंच.

मे 2022 मध्ये कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाडच्या ग्रामसभेने कुंकू पुसणं, मंगळसूत्र तोडणं, बांगड्या फोडणं, जोडवी काढणं या प्रथा बंद करण्याचा ठराव केला. त्याच महिन्यात राज्य शासनाने परिपत्रक काढून इतर ग्रामपंचायतींनाही तोच कित्ता गिरवायला सांगितलं. ठराव फार मोलाचा. बळजबरी करणाऱ्याचा हात त्याने थांबतो. पण त्या काटोलच्या बाई म्हणाल्या होत्या, "टीव्हीवर ठराव झाला म्हनते बापा. ठराव येऊन टिकली लावून देते का?"

हे फक्त पोथी-सोवळं असलेल्या घरांत होतं असंही समजू नका. इंदोऱ्यातल्या एका बौद्ध घरातली बाई माझ्याकडे यायची. 20 जुलै 1942 ला नागपुरात अखिल भारतीय दलित महिला परिषद भरली होती. सुलोचनाबाई डोंगरे अध्यक्ष होत्या, बाबासाहेब बोलले होते. बाईची आजी त्या परिषदेला गेलेली. घरात शकुन-अपशकुन मानायचा प्रश्नच नव्हता. तरी मुलाच्या लग्नात नवी सून घरात येताना ही स्वयंपाकघरात काहीतरी काम काढून बसली. "माझ्या आजीला काय तोंड दाखवू?" असं म्हणून रडली होती. तिला दुप्पट शरम. आधी भीतीची, मग भीती वाटल्याची. तुमचंही तेच चाललंय, म्हणून सांगितलं.

आता कामाचं बोलू.

एक वही घ्या आणि रात्री निवांत बसा. मुलगी पाटावर बसलीय, तुमच्या बोटाला हळद लागलीय, हे डोळ्यांसमोर आणा. मनात जी वाक्यं येतील ती जशीच्या तशी उतरवा. 'लोक काय म्हणतील' हे लिहू नका, ते वाक्य कोणाचंच नसतं. कोण म्हणेल आणि नेमकं काय म्हणेल, ते लिहा. मग प्रत्येक वाक्यापुढे ते ज्याच्या आवाजात ऐकू आलं त्याचं नाव टाका. एका बाईंनी अकरा वाक्यं लिहिली. नऊ त्यांच्या आईच्या आवाजातली होती, आणि आई जाऊन बारा वर्षं झालेली. दहावं विहिणीचं, जिला त्या आयुष्यात दोनदा भेटल्या होत्या. अकराव्यापुढे नाव लिहिताना त्या थांबल्या. वाक्य असं होतं: माझ्या हाताने पोरीचं काही वाईट झालं तर?

ताई, तुमच्या वहीतही हे वाक्य निघेल असं मला वाटतं. शिकलेल्या बायका ते सगळ्यांत खाली दाबून ठेवतात, कारण ते कबूल करायची लाज वाटते. वर 'समाज', 'परंपरा', 'वडीलधाऱ्यांचा मान' असे जाड थर असतात, खाली एवढीशी भीती असते आणि ती मुलीच्या मायेतूनच आलेली असते.

या भीतीशी मी पूर्वी वाद घालायची. "याच हातांनी तिला न्हाऊ घातलं ना? तेव्हा काय झालं?" बाई रडायची, "खरंय मॅडम" म्हणायची, हलकी होऊन घरी जायची. संध्याकाळी भीती परत हजर. वाद घालून भीती हरत नाही हे शिकायला मला बरीच वर्षं लागली. आता मी वेगळंच विचारते. मुलीला 'नाही' म्हटल्यावर पहिली दोन-चार मिनिटं तुम्हाला बरं वाटलं होतं का? सुटल्यासारखं? चीड नंतर आली असेल. आधी हायसंच वाटलं असणार.

सगळी गोम त्या हायसं वाटण्यात आहे. घाबरून मागे फिरलो की जीव शांत होतो, आणि मन त्यातून शिकतं की धोका होता, बरं झालं वाचलो. पुढच्या वेळी भीती आणखी ठाम होते. एरवी भीती चढते, वर टेकते आणि मग आपणहून उतरते. पण आपण चढतानाच पळालो तर तिला उतरताना कधी पाहतच नाही. म्हणून ती जाण्याची वाट बघत बसू नका. ती असतानाच, बेताबेताने, थोडं थोडं करायचं.

तुमच्याकडे वेळ आहे, आणि मधे संक्रांत आहे हे तर फारच बरं झालं. लग्नाच्या दिवशी मांडवात, दोनशे माणसांसमोर, एकदम पहिली हळद लावायला जाऊ नका. घरातून सुरुवात करा. एखाद्या रविवारी तासभर घरातल्या घरात टिकली लावून बसा. वाटल्यास गजरा. मग एक दिवस देवघरापाशी मुलीच्या कपाळाला हळदीकुंकू लावा, फक्त ती आणि तुम्ही. लग्नाची हळद आणायला इतवारीत तुम्हीच जा, जाऊबाईंना पाठवू नका. हळकुंडं हातात घेऊन पारखा, भाव करा. संक्रांतीनंतर एखाद्या मैत्रिणीच्या हळदीकुंकवाला जा. पण तिला आधी फोन करून सांगा, "मी येणार आहे, मला लाव." ऐनवेळी तिच्या हातातली कोयरी अडखळली तर जे लागतं ते आठवडाभर निघत नाही. तिथून लगेच उठायचं नाही. सांबारवडी खाऊन, दोन गप्पा मारून, छातीतली धडधड उतरली की मग निघायचं. मध्येच उठून आलात तर बिघडलं काही नाही, फक्त पुढची पायरी न घेता तीच पुन्हा घ्यायची. आणि जमलं तर रथसप्तमीच्या आत आपल्याच घरी पाच-सात जणींना बोलवा.

हे वाचून कोणाला वाटेल, मी बायकांना कुंकू लावायला लावते. माझा कुंकवाशी काही संबंध नाही. कुंकू कधीच न लावणाऱ्या सुखी बायका मी पाहिल्यात. माझ्याकडे आलेल्या एकींनी या सगळ्या पायऱ्या केल्या, मुलाच्या लग्नात पुढे उभ्या राहिल्या, आणि मग म्हणाल्या, "टिकली मात्र नको. ती त्यांच्याबरोबरची होती." ते दुःख आहे आणि त्याला हात लावायचं काही कारण नाही. तुमच्याही मनात दुःख आणि धाक एकाच कप्प्यात पडलेत, ते वेगळे करून बघा. मुलीच्या हळदीची कल्पना केल्यावर तुमची नजर कुठे जाते? भिंतीवरच्या फोटोकडे गेली तर ते दुःख. दाराकडे, कोण बघतंय म्हणून गेली, तर तो धाक. बहुतेक दोन्हीकडे जाईल. फोटोकडे जाणाऱ्या नजरेला वेळ द्या. 'नाही'सुद्धा चालेल, फक्त ते दाराकडे बघून म्हटलेलं नसावं.

सासूबाईंबद्दल तुम्ही एकच ओळ लिहिलीय. माझ्या मते सगळ्या पत्रात तीच सर्वांत मोठी. सासरे नणंदेच्या लग्नाच्या दोन वर्षं आधी गेले आणि लग्नाच्या दिवशी सासूबाई कोठीच्या खोलीत बसून होत्या. ही बाई तुम्हाला "तुझी इच्छा" म्हणतेय. तुम्हाला ते थंड वाटलं, अंग काढून घेतल्यासारखं. मला तसं वाटत नाही. तिने "लाव हळद, काही होत नाही" म्हणायचं म्हणजे त्या दिवशी आपण कोठीत उगाचच बसलो होतो हे कबूल करायचं. पोरीची पाठवणी दाराच्या फटीतून पाहिली, ती विनाकारण. एवढं एका दमात कोणाला जमेल? शिवाय तुमचा नवरा गेला तेव्हा तिचा मुलगाही गेला. त्याच्या पोरीच्या लग्नात ती कुठे बसणार आहे, हे कोणी तिला विचारलंय का?

तिच्याकडे परवानगी मागू नका. दुपारी दोघीच असताना त्या दिवसाबद्दल विचारा. खोलीत काय काय होतं, बाहेर काय ऐकू येत होतं, जेवायला कोणी वाढून आणलं होतं का. आणि ऐका. मधे "अरेरे" सुद्धा करू नका. ती सांगून मोकळी झाली तर, जमल्यास त्याच दिवशी नाहीतर चार दिवसांनी, म्हणा, "आई, हळदीला आपण दोघी बसू." ती नाही म्हणाली तर तिचं नाही तिच्यापाशी राहू द्या. तुमचा निर्णय त्यावर टांगून ठेवू नका. पण विचारलं जाणं ही गोष्ट तिच्या वाट्याला कदाचित पहिल्यांदाच येईल.

मुलीशीही बोलायला हवं. तिचं प्रेम खरंच आहे, पण "पहिली हळद आईच लावेल" हे तिने तुम्हाला न विचारता जाहीर केलंय. कन्यादानाचं दिराने जसं ठरवलं, तसंच हे. आजकाल मी हा नवा ताण पुष्कळ बघते. जुनी अपेक्षा होती की आईने मागे राहावं. नवी अशी की आईने धाडसी व्हावं, तेही फोटोग्राफरसमोर. तिला स्पष्ट सांगा की मी विचार करतेय, दडपण आणू नकोस, आणि मी हळद लावली तर त्याची रील निघणार नाही.

कन्यादानाचा गोंधळ त्यामानाने सोपा आहे. 1955 च्या हिंदू विवाह कायद्याच्या कलम 7 मध्ये दोन्हीपैकी एका पक्षाच्या रूढीप्रमाणे विधी व्हावेत असं आहे, आणि सप्तपदी असेल तर सातव्या पावलाला विवाह पूर्ण होतो. त्या कलमात कन्यादानाचं नावसुद्धा नाही. तुम्ही एकट्या बसलात, कोणीच बसलं नाही, तरी लग्न तितकंच पक्कं. गुरुजींना आत्ताच फोन करून विचारा, "मुलीची आई एकटी बसेल, चालेल ना?" काहीजण सहज हो म्हणतात. कोणी फाटे फोडले तर दुसरे गुरुजी बघा. लग्नाच्या दिवशी अंतरपाटाशी हा वाद नको.

पत्रिकेचंही बघा. निमंत्रक म्हणून दीर-जावेचं 'श्री. व सौ.' वर आणि तुमचं नाव 'गं. भा.' लावून खाली कुठेतरी, असा मजकूर छापखान्यात तयारच असतो. 2023 मध्ये तर विधवा या शब्दाऐवजी सरकारी कामातही 'गंगा भागीरथी' वापरावं असा प्रस्ताव मंत्रालयातून निघाला होता. त्यावर भरपूर टीका झाली. नावाआधी नवऱ्याच्या असण्या-नसण्याची पाटी हवीच कशाला, हे त्या टीकेतलं म्हणणं मला पटतं. तुमच्या पत्रिकेत तुमचं नाव पहिलं, मागे काही न लावता, नाहीतर साधं 'श्रीमती'. दीर-जावेचं त्याखाली. त्यांनी सहा वर्षं आधार दिला असं तुम्हीच लिहिलंय, तेव्हा मान त्यांनाही मिळायला हवा.

पण इथे मला एक शंका आहे, आणि ती तुम्हाला आवडणार नाही. दिरांचं नाव आलं की तुमच्या पत्रातली वाक्यं आखडतात. घर कोणाच्या नावावर आहे? आखीव पत्रिकेवर, म्हणजे घराच्या प्रॉपर्टी कार्डावर, तुमचं नाव चढलंय का? कधी कधी बाईला वाटतं आपली लढाई मनातली आहे, आणि खाली साधा हिशेब असतो: यांना दुखावलं तर राहायचं कुठे. ते मनाचं दुबळेपण नव्हे, ती शुद्ध व्यवहाराची काळजी आहे. तिच्यावर टिकली लावण्याचा सराव करून उपयोग नाही, कागद काढावे लागतात. यजमानांच्या नावाचं किंवा वाट्याचं जे असेल त्यात, मृत्युपत्र नसेल तर, 1956 च्या हिंदू वारसा कायद्याप्रमाणे तुम्ही, दोन्ही मुली आणि सासूबाई अशा चौघी पहिल्या वर्गाच्या वारस आहात. चौघींचे वाटे सारखे. दीर त्यात येत नाहीत. शिवाय 2005 च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्याने राहत्या सासरच्या घरात राहण्याचा हक्क तुम्हाला आहे. कायदेशीर मार्गाशिवाय तिथून कोणी काढू शकत नाही. लग्नाच्या गडबडीत वाटणी काढा असं मी म्हणत नाही. नगर भूमापन कार्यालयातून आखीव पत्रिकेची नक्कल मात्र आणून ठेवा. रात्रीची अर्धी झोप तिथूनच परत येते असं मी पाहिलंय.

झोपेवरून आठवलं. गेले कित्येक आठवडे धड झोप नाही, कशातच जीव लागत नाही, जगावंसं वाटत नाही असं काही असेल, तर हा हळदीचा प्रश्न नव्हे. सरळ मानसोपचारतज्ज्ञांना भेटा. टेली-मानसचा 14416 हा क्रमांक मोफत आहे, मराठीतही बोलतात.

मांडवात काय होईल? कोणीतरी कुजबुजेल. माझ्याकडच्या एक बाई नणंदेच्या मुलीच्या लग्नाहून आल्या आणि म्हणाल्या, "मॅडम, मी गेली न सारे असे बाजूले झाले, जसी काही मारबतच निंघाली." पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी 'इडा पिडा घेऊन जा गे मारबत' म्हणत आपण काळ्या मारबतीचा जो पुतळा काढतो, तो बाकाबाई भोसल्यांचा, असं जुने नागपूरकर सांगतात. बाकाबाई म्हणजे दुसऱ्या रघूजींची राणी, 1816 नंतरची विधवा, आणि पुढची कितीतरी वर्षं नागपूरच्या राजकारणातली भारी असामी. इंग्रजांना मिळाल्या म्हणून लोकांचा राग, असं कारण सांगतात. असेल. पण शहराने इडापिडा न्यायला पुतळा निवडला तो एका विधवेचा, हे त्या बाईंना सांगितल्यावर त्या इतक्या हसल्या की मलाही हसू आवरेना. कुजबुज झाली तर एवढं आठवा आणि हळदीची वाटी पुढच्या बाईकडे सरकवा.

आता एक गोष्ट जी फारसं कोणी आधी सांगत नाही. लग्न पार पडेल, तुम्ही हळद लावलेली असेल, आणि पुढच्या तीन-चार वर्षांत मुलीला काहीतरी होईल. होणारच. टायफॉइड होईल, नोकरी जाईल, नवऱ्याशी बिनसेल, दिवस राहायला वेळ लागेल. कोणाच्या संसारात हे होत नाही? त्या रात्री तुमचं मन थेट या हळदीपाशी येईल. बाहेरचं कोणी बोलायच्या आधी तुम्हीच म्हणाल, "मी हात लावला म्हणून." हे आजच माहीत असू द्या. म्हणून त्या वहीत शेवटच्या पानावर, तारीख घालून, स्वतःच्या अक्षरात लिहून ठेवा: पुढे मुलीला काही त्रास झाला की मला हळद आठवेल, ते मला आजच माहीत आहे. खाली सही करा. दोघींनी ते पान पुढे उघडून वाचलं आणि मला फोन केला. एकीच्या मुलीचा गर्भपात झाला होता. ती म्हणाली, रडू थांबलं नाही, पण ते पोरीसाठी होतं.

तेव्हा क्रम असा ठेवा. आखीव पत्रिकेची नक्कल या आठवड्यात, गुरुजींना फोन त्यानंतर. पण छापखान्यात मजकूर द्यायच्या आधी सासूबाईंशी बोलणं झालेलं असू द्या. त्यांनी हो म्हटलं तर निमंत्रकांत त्यांचंही नाव घालता येईल, आणि मग पत्रिकेची पहिली ओळ बदलेल.